पाणमांजरांचा वाटा

सकाळी सात वाजता विद्या मागच्या बांधावर चढली आणि पहिला मासा तिच्या बुटाखालीच येणार होता. सव्वा हात लांबीचा अरोवाना, चिखलात आडवा. अंगावरचे लाल खवले जिथल्या तिथे, डोकं मात्र गायब. पाच पावलांवर दुसरा. त्याच्या पलीकडे तिसरा; त्याच्या पोटाचा एक लचका तोडून बाकीचा तसाच टाकून दिलेला. त्याचे कल्ले अजून हलत होते.

"अहो," तिनं हाक मारली. पंपाच्या घरघरीत ती विरली म्हणून पुन्हा मारली, "अहो, जरा इकडे या."

शामकांत पंपाच्या खोलीतून हात पुसत आला. वीस वर्षं जहाजांच्या इंजिन-रूममध्ये काढलेला माणूस. उजव्या कानानं ऐकू येईनासं झालं, मेडिकलमध्ये नापास झाला आणि समुद्र सुटला. तेव्हापासून सिंगापूरच्या लिम चू कांग भागातल्या या शोभेच्या माशांच्या फार्मवर तो पंप, फिल्टर आणि जनरेटर सांभाळत होता, आणि विद्या पॅकिंगला होती. दिवसभर गार पाण्यात हात घालून मासे निवडायचे, पिशवीत सोडायचे, पिशवीत ऑक्सिजन भरायचा आणि तोंडाला रबर गुंडाळायचं. संध्याकाळी तिच्या बोटांची कातडी पांढरी पडून सुटायला यायची. देवगडच्या खाडीकाठची मुलगी सिंगापूरला येऊन पुन्हा माशांतच पडली, असं ती स्वतःच हसून सांगायची.

आज हसण्यासारखं काही नव्हतं. पावसानं नाला फुगला होता आणि नाल्याच्या तोंडावरची जाळी मुळासकट उपटून तळ्यात आली होती. बांधाच्या चिखलात पावलंच पावलं उमटली होती, पाच बोटांची, मध्ये पडदा असलेली, लहान आणि मोठी.

"पाणमांजरं," शामकांत म्हणाला. हे त्यानं सांगायची गरज नव्हती. विद्या खाली बसली होती आणि एका मेलेल्या नराचा जबडा अंगठ्यानं उघडत होती. अरोवानाचा नर अंडी तोंडात धरतो आणि पिल्लं पोहायला लागेपर्यंत महिना-दीड महिना काही खात नाही. या नराचं शेपटाकडचं अंग संपलं होतं, पण जबडा घट्ट मिटलेला होता. तो उघडला तशी आतून पिल्लं घरंगळली, पोटाशी पिवळ्या पिशव्या घेऊन, जिवंत. तिनं ती घमेल्यातल्या पाण्यात सोडली.

हे सगळं तिनंच ओढवून घेतलं होतं. आणि ते फार्मवर फक्त तिला आणि शामकांतला माहीत होतं.

तिचा बाप खाडीत काठ्या ठोकून जाळं लावायचा. पहाटे जाळं उचललं की पहिला मासा टोपलीत जात नसे. तो काठावरच्या एका खडकावर ठेवायचा. तो उदाचा वाटा. पाणमांजराला तिकडे ऊद म्हणतात. वाटा दिला की ऊद जाळ्याला दात लावत नाही, विसरलात तर दुसऱ्या दिवशी जाळ्याच्या चिंध्या. बाप देवाला एखादवेळी विसरेल, पण उदाला नाही. विद्यानं बापाकडून दागिना नाही, जमीन नाही, एवढीच एक गोष्ट आणली होती. दीड वर्षापूर्वी फार्मच्या नाल्यात पहिल्यांदा पाच पाणमांजरं दिसली, तेव्हा तिला कोणाला विचारावंसंही वाटलं नाही. रोज निवडीत वाकड्या पाठीचे, एका डोळ्याचे कोई मासे निघतात, ते कचऱ्याच्या पिंपात जातात. त्यातले चार-पाच ती सकाळी साडेसातला मागच्या बांधाच्या काँक्रीटच्या लादीवर ठेवू लागली. दीड वर्षात फार्ममधला एक मासा गेला नाही. आजूबाजूच्या फार्मवाल्यांची तळी रिकामी झाली, मालक टेओची शाबूत राहिली. टेओ त्याचं श्रेय आपल्या कुंपणाला देत असे आणि विद्या मनात हसत असे.

पण बापाच्या खाडीत ऊद होते दोन, आणि खाडी होती मैलभर. इथं रोजचं आयतं खाऊन मादी दोनदा व्याली. पाचाची अकरा झाली. वाट त्यांना पाठ होती, वेळही पाठ होती. पावसानं दार उघडून दिलं आणि ती पंगतीला आली.

आठ वाजता टेओ आला. साठीचा, अर्ध्या चड्डीतला, गुडघ्यापर्यंत रबरी बूट घातलेला मालक. तो बांधावरून शेवटपर्यंत चालत गेला, चालत परत आला. ओरडला नाही. त्याचं न ओरडणंच विद्याला जड गेलं.

"शाम," तो म्हणाला, "चायनीज न्यू इयरला तीन आठवडे. ऑल बुकिंग फिनिश, यू नो?"

"जाळी मी आज बसवतो, बॉस," शामकांत म्हणाला. "पण नुसती जाळी पुन्हा उपटेल. नाल्याच्या तोंडाशी काँक्रीटचा उंबरा घालू. त्यात पाइप टाकू, पाइपला आतून स्टीलची जाळी. पाणी जाईल, जनावर येणार नाही. कॅनडात बीव्हरसाठी असंच करतात."

बीव्हरची गोष्ट त्यानं घरी पन्नास वेळा सांगितली होती. जहाज दुरुस्तीसाठी कॅनडाच्या एका बंदरात तीन आठवडे अडकलं, तेव्हा धक्क्यावरच्या एका म्हाताऱ्या फिटरनं त्याला आपल्या गाडीतून आत जंगलात नेलं आणि ओढ्यावरचं धरण दाखवलं. झाडं दातांनी पाडून, फांद्या आणि चिखल रचून त्या जनावरानं बांधलेलं. म्हाताऱ्याच्या आजोबा-पणजोबांनी हीच जनावरं टोप्यांना लागणाऱ्या कातड्यासाठी मारली, साहेबांच्या टोप्या झाल्या आणि नद्याच्या नद्या ओस पडल्या. आता नातू त्यांच्या धरणातून पाइप घालतो, म्हणजे रस्ता बुडत नाही आणि बीव्हरही राहतो. शामकांतला त्या पाइपचं भारी कौतुक. पाण्याचा आवाज आला की बीव्हर भोक बुजवतो, म्हणून पाइपचं तोंड लांब, पाण्याखाली, जाळीत ठेवायचं. इंजिनिअरला कोणीतरी हुशारीनं फसवलेलं पाणी दाखवलं की तो जन्मभर विसरत नाही.

टेओनं सगळं ऐकून घेतलं आणि मान हलवली. फार्मची जागा सरकारी लीजवरची, लीज पुढच्या वर्षी संपणार. "कोण काँक्रीट घालणार, लाह? यू मेक केज. एकेक पकडू. मी लॉरीनं लांब सोडतो."

"बॉस, ती प्रोटेक्टेड आहेत. पकडलं तर जेल."

"कोण बघतो?" टेओ म्हणाला. जाता जाता थांबला. "तुझं लेटर टेबलवर आहे. केज झाला की ये, आपण बोलू."

बोलू म्हणजे काय ते दोघांनाही कळलं. ते दोघं इथले पीआर, कायम राहायची परवानगी मिळालेले, पण पीआर म्हणजे काही जन्माची गाठ नव्हे. री-एन्ट्री परमिट फेब्रुवारीअखेर संपत होतं आणि नवं करायला नोकरीचं पत्र लागत होतं, मालकाच्या सहीचं. महिना झाला, पत्र टाइप होऊन टेओच्या टेबलावर पडलं होतं. शामकांत दोनदा आठवण करायला गेला, दोन्ही वेळा टेओनं त्याला ओले बूट बाहेर काढायला लावले आणि मोज्यांवर दहा मिनिटं उभं करून "टुमारो" म्हणून परत पाठवला. चोपन्न वर्षांच्या, एका कानाच्या माणसाला दुसरी नोकरी कोण देणार? आणि मुलगी उत्कर्षा ज्युनिअर कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला. नोव्हेंबरात तिची ए-लेव्हलची शेवटची परीक्षा. ती इथंच जन्मली. तिला देवगड म्हणजे मे महिन्यातला डास एवढंच ठाऊक. परमिट गेलं तर आज ना उद्या चंबूगबाळं आवरायचं, आणि मुलीचं सगळं शिक्षण अर्ध्यावर.

अडला हरी, गाढवाचे पाय धरी. शामकांतनं दुपारीच वेल्डिंग मशीन बाहेर काढलं.

पिंजरा त्यानं दोन दिवसांत केला, आणि करायचा म्हटल्यावर वाईट करणं त्याच्या हातून होईना. पंपाच्या जाळीच्या चौकटी जोडल्या. वरून खाली घसरणारं दार केलं, खाचांना ग्रीस लावलं. दाराच्या खालच्या कडेला रबरी नळी चिरून बसवली.

"ती कशाला?" विद्यानं विचारलं.

"पाय सापडला तर मोडायला नको."

असल्या माणसावर रागावायचं तरी कसं, हा तिचा जुनाच प्रश्न होता.

पिंजऱ्यात टेओनं बाजारातून आणलेला ताजा मासा टांगला. पाणमांजरं आली, पिंजऱ्याभोवती फिरली, हुंगली आणि लादीवर जाऊन बसली. विद्यानं वाटा ठेवणं बंद केलं होतं तरी ती साडेसातला तिथं हजर. तिला पाहून मान वर करून उभी राहत, पुढचे पाय पोटाशी धरून. सगळ्यांत पुढे फाटक्या कानाची मादी. बाकीची बहुतेक तिचीच पिलावळ. तीन दिवस मासा पिंजऱ्यात कुजला. चौथ्या दिवशी कुंपणाची दुसरी बाजू उकरलेली सापडली आणि आणखी दोन अरोवाना गेले. टेओनं शामकांतला बोलावलं, बूट बाहेर काढायला लावले, आणि या वेळी बोलताना पत्रावर आपला चहाचा कप ठेवला. शामकांतनं हे विद्याला सांगितलं ते पंपाच्या खोलीत, डबा खाताना, भिंतीकडे बघत.

"कप ठेवला?"

"गोल डाग पडला. नवीन टाइप करावं लागेल."

पंप घरघरत होता. विद्यानं पोळीचा तुकडा हातातच ठेवला.

"त्या कॅनडातल्या म्हाताऱ्यानं आणखी एक गोष्ट सांगितली होती," शामकांत म्हणाला. "ती मी तुला सांगितली नाही कधी. त्याचा आजा बीव्हर कसा पकडायचा, ते. खाणं ठेवून तो येत नाही म्हणे. मारलेल्या बीव्हरच्या अंगात एक गाठ असते वासाची. तो वास काठीला चोळायचा आणि काठी सापळ्याशी रोवायची. बीव्हरला वाटतं आपल्यातलंच कोणी आलंय. मग तो येतो. परक्याच्या माशाला कोणी फसत नाही, विद्या. घरच्या वासाला फसतं."

"मग?"

त्यानं मागच्या बांधावरच्या लादीकडे पाहिलं. तिला कळलं.

"वाटा म्हणजे आमिष नव्हे हो."

"त्यांना काय फरक कळतो?"

"मला कळतो."

"मग तू सांग दुसरा रस्ता. टेओला जाऊन सांग की ही तुझ्यामुळे आली. तुझी नोकरी जाईल, माझी जाईल, वर खायला घातलं म्हणून सरकार दंड करील ते वेगळंच. ते सांग, नाहीतर हे कर. तिसरं काही असलं तर मलाही हवंय." त्याचा आवाज चढला नव्हता. ऐकू कमी येणारी माणसं मोठ्यानं बोलतात, शामकांत उलट हळू बोलायचा. "बीव्हरच्या पाइपसारखं काहीतरी सुचेल म्हणून चार रात्री जागतोय मी. नाही सुचत."

इकडे आड तिकडे विहीर, हे ती लहानपणापासून ऐकत आली होती. दोन्हींच्या मधली जागा इतकी चिंचोळी असते हे तिला आज कळलं. तिनं डबा धुतला, पुसला, पिशवीत ठेवला आणि म्हणाली, "ताजा मासा काढून टाका तो. मी माझे ठेवीन."

पहिल्या दिवशी तिनं वाकड्या पाठीचे पाच कोई लादीवरच ठेवले, फक्त लादी आणि पिंजरा यांत वीतभर अंतर राहील असं शामकांतनं पिंजरा सरकवून घेतला होता. पाणमांजरं आली, कुरकुर करत खाऊन गेली. दुसऱ्या दिवशी तीन लादीवर, दोन पिंजऱ्याच्या तोंडाशी. दार वर बांधून ठेवलेलं. तिसऱ्या दिवशी दोन तोंडाशी, तीन आत. एक लहानगं आत शिरलं, मासा घेऊन बाहेर पळालं आणि फाटक्या कानाच्या मादीनं त्याच्या मानेला धरून हिसका दिला. आई शहाणी होती. मग तिनं मान वर करून विद्याकडे पाहिलं. विद्या दहा पावलांवर उभी होती, रोजच्याच जागी, रोजच्याच पिवळ्या एप्रनमध्ये. एप्रन तिनं मुद्दाम तोच घातला होता. याची लाज तिला घरी जाताना ९७५ नंबरच्या बसमध्ये वाटली आणि घराजवळचं बुकित पंजांग येईपर्यंत वाटत राहिली.

चौथ्या दिवशी पाचही मासे आत, पार मागच्या जाळीशी. शामकांतनं दाराची दोरी सोडून तिथं चाप लावला आणि तो पंपाच्या खोलीत निघून गेला. बघायला थांबला नाही. विद्याला थांबावंच लागलं, कारण ती उभी नसेल तर पाणमांजरं येत नव्हती.

ती आली. लादी हुंगली. लादीवर काही नव्हतं. लहानगी पिंजऱ्याच्या तोंडाशी घुटमळली तशी मादीनं त्यांना अंगानं बाजूला सारलं आणि ती स्वतः आत गेली, आधी आपण बघू म्हणून. दार खाली आलं. ग्रीस लावल्यामुळे आवाज असा झालाच नाही, फक्त रबर चौकटीवर टेकल्याचा एक धप्प.

पळतील असं विद्याला वाटलं होतं. दहा जणांतलं एकही पळालं नाही. ती पिंजऱ्याभोवती जमली, जाळीतून नाकं आत घातली आणि ओरडू लागली. बारीक, चिरका, न थांबणारा आवाज. आतली मादी जाळीला दात लावत होती. दात घसरत होते, हिरड्यांतून रक्त येत होतं, पण ती ओरडत नव्हती. एका लहानग्यानं विद्याकडे धाव घेतली, तिच्या बुटापाशी आलं, तोंड वर करून ओरडलं आणि परत पिंजऱ्याकडे गेलं. पुन्हा आलं. दीड वर्षं जी बाई खायला देते ती दारही उघडू शकत असेल, एवढाच त्याचा हिशोब.

दार उघडायला एक हात पुरला असता. विद्यानं दोन्ही हात एप्रनच्या खिशात घातले आणि तसेच ठेवले.

टेओ लॉरी घेऊन आला. पिंजऱ्यावर ताडपत्री टाकली, दोघा कामगारांनी तो उचलला. बाकीची पाणमांजरं फाटकापर्यंत लॉरीमागं धावली. "व्हेरी क्लेव्हर, आंटी," टेओ तिला म्हणाला आणि मनापासून म्हणाला. लांब सोडणार म्हणाला होता, कुठे ते सांगितलं नाही, तिनं विचारलं नाही. तासाभरात तो रिकामा पिंजरा घेऊन परतला. तिनं घड्याळ बघायला नको होतं. तासाभरात लांब कितीसं जाता येतं?

दुपारी त्यानं पत्र पुन्हा टाइप करवून सही केली, शिक्का मारला. शामकांतला बूट काढायला सांगितलं नाही. वर अननसाच्या बिस्किटांची लाल झाकणाची बरणी दिली, न्यू इयरची. "टेन मोअर," तो म्हणाला. "एव्हरी मॉर्निंग, कॅन? आंटी असेल तर इझी."

"कॅन," शामकांत म्हणाला.

परमिटचा अर्ज शनिवारी संध्याकाळी भरला गेला. अकराव्या मजल्यावरच्या त्या दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये शामकांत लॅपटॉपपुढे बसून एकेक रकाना मोठ्यानं वाचत होता, पत्र शेजारी प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये होतं. विद्या हातांना मलम चोळत होती. उत्कर्षा सोफ्यावर पाय घेऊन फोन बघत होती, आणि बिस्किटांची बरणी तिच्या मांडीवर होती.

"आई, सी दिस," ती म्हणाली. "तुमच्या फार्मच्या मागच्या नाल्यातली फॅमिली. ऑटर ग्रुपवर सगळे सो अपसेट, लाह."

फोटो जुना होता. फाटका कान, पोटाशी धरलेले पुढचे पाय. पाणमांजरांमागे कॅमेरे घेऊन हिंडणाऱ्या लोकांनी तिचं नाव नोन्या ठेवलं होतं. नाव आहे हे विद्याला माहीत नव्हतं.

"नोन्या मिसिंग. बाकीचे दहा जण दोन दिवस एकाच जागी बसलेत, कॉल करत. खात नाहीत. लोक म्हणतात कुणीतरी ट्रॅप लावला. दॅट एरियातल्या कुणाला माहिती असेल तर सांगा म्हणतायत." तिनं बिस्किटाचा तुकडा तोंडात टाकला. "मी टाइप केलंय की माझे पॅरेंट्स तिथल्या फार्मवर काम करतात, मी विचारते. अजून पोस्ट नाही केलं. तू बघितलीस का तिला?"

नाही म्हणणं सोपं होतं. विद्या नाही म्हणणारच होती. पण मुलीच्या तोंडाला बिस्किटाचा चुरा लागला होता आणि ती इतक्या विश्वासानं वर बघत होती, की खोटं बोलायची ताकदच तिच्यात उरली नाही.

"मीच पकडली तिला," ती म्हणाली. "माझ्या हातचं खायची. मी पिंजऱ्यात ठेवलं."

उत्कर्षा हसली. मग आईच्या चेहऱ्याकडे बघून हसू थांबलं. तिनं बापाकडे पाहिलं. शामकांतचा डावा कान त्यांच्याकडे होता; त्याला सगळं ऐकू आलं होतं. त्यानं फक्त फोल्डरवर हात ठेवला.

उत्कर्षानं फोल्डर पाहिला. मांडीवरची बरणी पाहिली. ती हुशार मुलगी, गणितात पहिली येणारी. तिला कोणी काही समजावलं नाही. तिनं झाकण लावून बरणी खाली जमिनीवर ठेवली आणि फोन उचलला. अंगठा बराच वेळ वरच्या वर राहिला. मग तिनं टाइप केलेलं एकेक अक्षर पुसलं. ग्रुपमधून नाव काढलं. मग विद्याशेजारी येऊन तिनं विचारलं, आणि विचारलं ते स्वच्छ मराठीत, लहानपणी बोलायची तसं.

"अजून किती आहेत?"

"दहा."

"माझी परीक्षा होईपर्यंत संपतील?"

विद्याला वाटलं होतं, ती भांडेल, रडेल, दार आपटेल. त्यासाठी तिनं मन घट्ट करून ठेवलं होतं. तिनं मुलीचा हात धरला. मलमानं तिचे स्वतःचे हात इतके निसरडे झाले होते की तो धरवेना.

"संपतील," शामकांत लॅपटॉपकडे बघत म्हणाला, आणि त्यानं पुढचा रकाना वाचायला घेतला.